सहा जणांचे मंडळ आणि त्यामागची गावे : मुंबईच्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपचा बुऱ्हाणपुरातून घेतलेला धांडोळा

प्रास्ताविक

बुऱ्हाणपूरच्या बुधवाऱ्यात बसून चित्रकारांच्या एखाद्या मंडळाचा इतिहास लिहायचा तर सुरुवात मुंबईपासून करावी की आपल्याच गावापासून, असा प्रश्न पडतो. आधुनिक भारतीय चित्रकलेची पुस्तके मुंबईपासून सुरुवात करतात. डिसेंबर १९४७ मध्ये सहा तरुण चित्रकार एकत्र आले, त्यांनी ‘प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप’ नावाचे मंडळ काढले, जुन्या संस्थांशी भांडण मांडले आणि भारतीय चित्रकलेला नवे वळण दिले, अशी ती ठरलेली मांडणी आहे. ती खोटी नाही. पण या सहांपैकी एकाचाही जन्म मुंबईतला नाही. सय्यद हैदर रझा मंडला जिल्ह्यातील बाबरिया गावचे, मकबूल फिदा हुसेन पंढरपूरला जन्मलेले आणि इंदूरला वाढलेले, हरी अंबादास गाडे अमरावती जिल्ह्यातील तळेगाव दशासरचे, कृष्णाजी हौलाजी आरा सिकंदराबादजवळच्या बोलारमचे, सदानंद बाकरे बडोद्याचे आणि फ्रान्सिस न्यूटन सूझा गोव्यातील सालिगावचे.

ही यादी पाहिली की एक गोष्ट ध्यानात येते. मंडळ मुंबईत जमले खरे, पण त्यातली माणसे जिल्ह्याच्या गावांनी आणि छोट्या संस्थानी शहरांनी घडवून पाठवलेली होती. ती कशी घडली, कोणाच्या हातून घडली, याचा शोध प्रस्तुत निबंधात घ्यावयाचा आहे. आपल्यापैकी बहुतेक जण अध्यापक आहेत. तेव्हा या इतिहासात शिक्षकाची जागा कुठे येते, इकडे मुद्दाम लक्ष वेधले आहे. तसेच मुस्लिम घरातून आलेला मुलगा चित्रकार होऊ पाहतो तेव्हा घरात आणि शाळेत जे घडते, तेही या इतिहासाचाच भाग आहे. कलेच्या पुस्तकांत त्याला एखाद्या वाक्यापलीकडे जागा मिळत नाही.

खानखानानची चित्रशाळा

मुंबईकडे जाण्यापूर्वी थोडा वेळ गावातच थांबू. बुऱ्हाणपूरच्या जामा मशिदीत अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही आहे. फारुकी सुलतान आदिलशाह याच्या काळातील, १५९० सालचा. शहर दाखवायला आलेल्या पाहुण्याला आपण तो आवर्जून दाखवतो. परंतु याच शहराशी जोडलेला चित्रकलेचा एक मोठा अध्याय मात्र पाहुण्याला दाखवता येत नाही, कारण त्याची पाने आज अमेरिकेत आहेत.

अब्दुर्रहीम खानखानान हे दक्षिणेच्या मोहिमांच्या निमित्ताने दीर्घकाळ बुऱ्हाणपुरात राहिले. सेनापती, रहीम नावाने दोहे लिहिणारे कवी आणि ग्रंथसंग्राहक अशा तिन्ही नात्यांनी त्यांची ओळख आहे. त्यांच्या ग्रंथालयाला जोडून चित्रकारांची शाळा होती. अकबराच्या आज्ञेने वाल्मीकी रामायणाचा फारसी अनुवाद झाला होता. त्याची आपल्यासाठी एक प्रत खानखानानांनी बादशहाच्या परवानगीने करून घेतली. तसे त्यांनी स्वतःच्या हाताने त्या प्रतीत नोंदवून ठेवले आहे. या प्रतीत १३० चित्रे आहेत आणि ती वॉशिंग्टनच्या फ्रीअर संग्रहात आहे. चित्रकारांच्या नावांत मुश्फिक, कासिम, नदीम यांच्याबरोबर श्यामसुंदर, गोवर्धन आणि मोहन ही नावे येतात. जॉन सेलर यांनी १९९९ साली या चित्रशाळेवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला, त्यातून ही माणसे एकेक करून ओळखू येऊ लागली. अब्दुल बाकी नहावंदी याचा ‘मआसिर-ए-रहीमी’ हा ग्रंथ १६१६ साली पूर्ण झाला. खानखानानांच्या पदरी असलेल्या कवी, लेखक आणि कारागिरांची माहिती मिळण्याचे ते मुख्य साधन आहे.

चित्रशाळा आश्रयदात्याबरोबर फिरत असे. त्यामुळे सगळी पाने बुऱ्हाणपुरातच रंगली असे म्हणण्याचा मोह टाळलेला बरा. आपले गाव मोठे ठरवण्यासाठी इतिहासाला ओढाताण करण्याची गरज नसते. एवढे मात्र निश्चित की, दरबारी चित्रशाळा हे मंडळ नव्हे. तिथे चित्रकार एकमेकांना निवडत नाहीत. त्यांना निवडणारा वेगळा असतो, आणि तो गेला की शाळा मोडते. १६२७ साली खानखानान वारले. चित्रकारांचा ठावठिकाणा पुढे लागत नाही. शाह शुजाची पत्नी बिल्किस बेगम हिच्या मकबऱ्यात आतल्या भिंतींवरची रंगीत वेलबुट्टी अजून दिसते, ती नंतरच्या काळातली. रंगाचा हात शहरातून लगेच नाहीसा झाला नव्हता, एवढे ती सांगते.

विसाव्या शतकात चित्रकाराला आश्रयदाता उरला नाही. त्याच्या जागी आर्ट स्कूल आले, वार्षिक प्रदर्शन आले, पदक आले, आणि प्रदर्शनातून नाकारले जाणेही आले. मंडळाची गरज तिथून निर्माण झाली.

मंडळ कसे झाले

मुंबईत सर जे. जे. स्कूल ऑफ आर्ट १८५७ पासून होते आणि बॉम्बे आर्ट सोसायटी १८८८ पासून. चित्रकाराला नाव मिळवायचे तर सोसायटीच्या वार्षिक प्रदर्शनातून मिळवावे लागे. निवड समिती चित्रे घेई किंवा परत पाठवी. आरा यांनी स्वातंत्र्यदिनाच्या मिरवणुकीचे एक मोठे चित्र केले होते. ते समितीने नाकारले, आणि त्यावरून सूझा, रझा व आरा हे तिघे चिडून एकत्र आले, असे या मंडळाच्या जन्माचे तात्कालिक कारण सांगितले जाते. तिघांनी प्रत्येकी एक जण आणावा असे ठरले. सूझांनी हुसेन यांना आणले, रझांनी गाडे यांना आणि आरांनी बाकरे यांना. बाकरे मूर्तिकार होते, बाकी पाचजण चित्रकार. मंडळ उभे करण्याची ही रीत मला फार शहाणपणाची वाटते. घटना नाही, वर्गणीची पायरी नाही, अर्जाचा नमुना नाही. एकाने दुसऱ्याच्या कामाची हमी घ्यायची, बस्स.

तेव्हा मुंबईत असे हे पहिलेच मंडळ होते असे मात्र नाही. १९४१ च्या सुमारास पी. टी. रेड्डी आदी चित्रकार जे. जे.चे संचालक चार्ल्स जेरार्ड यांच्या प्रोत्साहनाने एकत्र आले होते, आणि ‘यंग टर्क्स’ या नावाने ओळखले जात. कलकत्त्यात कलकत्ता ग्रुप १९४३ पासून काम करीत होता. प्रोग्रेसिव्ह मंडळाचे वेगळेपण त्यांच्या जाहीरनाम्यापेक्षा त्यांच्या माणसांत जास्त होते, असे माझे मत आहे. जाहीरनाम्याचा सूर सूझांचा होता. सूझा त्या काळात कम्युनिस्ट पक्षात होते. ‘प्रोग्रेसिव्ह’ हा शब्द तिथून आला आणि प्रगतिशील लेखकांच्या चळवळीने तो आधीच रुळवलेला होता. दोन वर्षांत सूझांचे पक्षाशी बिनसले, आणि मंडळानेही चित्रात राजकारण सांगण्याची भाषा सोडली. नाव तेवढे राहिले.

चार वाटा

हुसेन यांची वाट इंदूरहून आली. १९१५ साली पंढरपुरात जन्मलेल्या या मुलाची आई तो तान्हा असतानाच वारली. वडील फिदा हुसेन इंदूरला गेले, तिथे त्यांनी दुसरे लग्न केले. मुलगा काही काळ गुजरातेत मदरशात राहिला, आणि अरबी अक्षरांचे वळण त्याने तिथे गिरवले. सुलेमानी बोहरा कुटुंबातला हा मुलगा. त्याच्या रेषेत पुढे जो वेग आणि निश्चय दिसतो त्याचे मूळ काही समीक्षक या अक्षरलेखनात शोधतात. इंदूरला दत्तात्रय दामोदर देवळालीकर यांनी १९२७ साली संस्थानच्या आश्रयाने चित्रकला विद्यालय सुरू केले होते. देवळालीकर स्वतः जे. जे.त शिकलेले, माळव्यातले मराठी गृहस्थ. त्यांच्या हाताखाली नारायण श्रीधर बेंद्रे, देवकृष्ण जटाशंकर जोशी, विष्णू चिंचाळकर अशी माणसे तयार झाली. हुसेन तिथल्या सायंवर्गात जात असत.

हुसेन यांनी आपल्या आत्मकथनात एक प्रसंग सांगितला आहे. रस्त्यावर चित्र काढत असलेल्या या मुलाचे काम बेंद्रे यांनी पाहिले आणि ते त्याच्या वडिलांना जाऊन भेटले. मुलाला चित्रकलेकडे जाऊ द्या, असे त्यांनी सांगितले, आणि वडिलांनी ऐकले. बेंद्रे तेव्हा विशीतले होते. त्यांच्या ‘व्हॅगाबाँड’ या चित्राला १९३४ साली बॉम्बे आर्ट सोसायटीचे रौप्यपदक मिळाले. पुढे बडोद्याच्या विद्यापीठात त्यांनी चित्रकला विभाग उभा केला, भारतीय चित्रकलेतील मोठे शिक्षक म्हणून नाव कमावले. पण मला बेंद्रे यांच्या आयुष्यातली ती इंदूरची भेट अधिक महत्त्वाची वाटते. एका हिंदू तरुणाने एका बोहरा गृहस्थाच्या घरी जाऊन त्याच्या मुलाची शिफारस करावी, आणि बापाने रोजगाराची खात्री नसताना होकार द्यावा, याची नोंद कुठल्याही संस्थेच्या दफ्तरात झालेली नाही. पुत्राने लिहिले नसते तर ती आपल्यापर्यंत पोहोचलीच नसती.

मुंबईत हुसेन यांनी सिनेमाची पोस्टरे आणि होर्डिंग्ज रंगवली. चौरस फुटाच्या हिशेबाने पैसे मिळत. परातीवर चढून पंधरा फुटी चेहरा रंगवायचा, तो लांबून ओळखू आला पाहिजे, आणि शुक्रवारी सिनेमा लागायच्या आत संपला पाहिजे. या शाळेचे प्रमाणपत्र मिळत नाही. नंतर त्यांनी लहान मुलांच्या खोल्यांचे फर्निचर आणि खेळणी यांचे नमुने करण्याची नोकरी केली. १९४७ साली त्यांचे ‘सुनहरा संसार’ हे चित्र सोसायटीच्या प्रदर्शनात लागले. वय बत्तीस. तिथे सूझांची नजर त्यांच्यावर गेली.

रझांची वाट जंगलातून आली. त्यांचा जन्म २२ फेब्रुवारी १९२२ चा. वडील सय्यद मोहंमद रझी वनखात्यात होते. प्राथमिक शाळेतील शिक्षक नंदलाल झारिया यांनी या चंचल मुलाला भिंतीवर एक बिंदू काढून दिला आणि त्यावर मन स्थिर करायला सांगितले, ही कथा रझांनी आयुष्यभर सांगितली. त्यांच्या चित्रांत बिंदू प्रकटपणे आला तो १९७० नंतर, पॅरिसमध्ये. म्हणजे गुरुजींनी दिलेला धडा सुमारे चाळीस वर्षांनी कागदावर उतरला. आपल्या वर्गातील निकालाचे तक्ते वर्षाअखेरीस तयार होतात हे ठाऊक असूनही ही गोष्ट सांगाविशी वाटते.

दमोहला माध्यमिक शिक्षण, मग १९३९ ते १९४३ नागपूरच्या आर्ट स्कूलमध्ये. पुढे जे. जे.साठी सरकारी शिष्यवृत्ती मिळाली. पण मुंबईत पोहोचायला उशीर झाला, प्रवेश हुकला आणि शिष्यवृत्तीही गेली. मध्य प्रांताच्या सरकारने अकोल्याला चित्रकला शिक्षकाची जागा देऊ केली. रझांनी ती नाकारली. अकोला आपल्यापासून काही फार दूर नाही, आणि त्या काळी सरकारी नोकरी नाकारणे ही घरातल्यांना सांगण्याजोगी गोष्ट नव्हती. छापखान्यांसाठी ब्लॉक बनवणाऱ्या एका स्टुडिओत ते डिझायनर म्हणून लागले. दिवसा नोकरी, संध्याकाळी अभ्यास, उरलेल्या वेळात मुंबईचे रस्ते आणि पाऊस जलरंगात. पुढे जे. जे.तही त्यांनी शिक्षण घेतले. १९४६ साली बॉम्बे आर्ट सोसायटीचे रौप्यपदक त्यांना मिळाले आणि १९४८ साली सुवर्णपदक.

याच नागपूरच्या ओळखीतून गाडे मंडळात आले. ते विज्ञानाचे पदवीधर. चित्रकलेकडे ते उशिरा वळले आणि निसर्गचित्रांना त्यांनी रंगाच्या सपाट, घट्ट पट्ट्यांत बांधले. मंडळातल्या सहांमध्ये त्यांच्यावर सर्वांत कमी लिहिले गेले आहे. मराठीतही. वऱ्हाडच्या या माणसाकडे मराठी कलासमीक्षेने जितके पाहायला हवे होते तितके पाहिले नाही, ही तक्रार इथे नोंदवून ठेवतो.

आरांची वाट सर्वांत खडतर. १९१४ चा जन्म. आई लहानपणीच गेली. सातव्या वर्षी घर सोडून ते मुंबईला आले आणि मोटारी पुसणे, घरगडी म्हणून राबणे अशी कामे करत वाढले. मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगात गेले. वाळकेश्वरला एका लहानशा खोलीत राहत. कोणत्याही आर्ट स्कूलचे ते विद्यार्थी नव्हते. १९४२ साली काळा घोड्याजवळच्या ‘चेतना’ उपाहारगृहात त्यांचे पहिले एकल प्रदर्शन झाले, आणि १९४४ साली मराठ्यांच्या लढाईवरील चित्राला गव्हर्नरचे पारितोषिक मिळाले.

आता हे चौघे एका खोलीत बसवून पाहा. एक सायंवर्गाचा विद्यार्थी आणि होर्डिंगवाला, एक वनखात्यातल्या माणसाचा मुलगा, एक विज्ञानाचा पदवीधर, एक घरगडी. पाचवे सूझा, १९४५ साली जे. जे.तून काढून टाकलेले. बाकरे तेवढे जे. जे.तून रीतसर मूर्तिकलेची पदविका घेऊन बाहेर पडलेले. कोणत्याही महाविद्यालयाच्या प्रवेश समितीने ही सहा माणसे एका वर्गात बसवली नसती. मंडळाने ती बसवली.

मदत करणारे परके

या तरुणांना पहिले जाणकार प्रेक्षक मिळाले ते युरोपातून परागंदा झालेल्यांमध्ये. व्हिएन्नाचे चित्रकार वॉल्टर लँगहॅमर ‘टाइम्स ऑफ इंडिया’चे कला संचालक होते. दर रविवारी त्यांच्या घरी तरुण चित्रकार जमत. युरोपीय चित्रांच्या छापील प्रती तिथे पाहायला मिळत आणि त्यावर वाद होत. त्याच वृत्तपत्रात रुडॉल्फ फॉन लायडन कलासमीक्षा लिहीत. औषध कंपनी चालवणारे इमॅन्युएल श्लेसिंगर चित्रे विकत घेत. नाझी राजवटीमुळे देशोधडीला लागलेली ही माणसे मुंबईत आली नसती तर मंडळाचा इतिहास वेगळा झाला असता. यावरून मंडळाला परदेशी उसनवारीचे म्हणणारे तेव्हाही होते, नंतरही झाले. परंतु रंग कसा लावावा हे लँगहॅमरच्या घरी कळले म्हणून बाबरियाचे जंगल रझांच्या मनातून गेले नाही. उसने घेणे आणि परावलंबी होणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. खानखानानच्या रामायणात इराणी आणि हिंदुस्थानी हात एकाच पानावर दिसतात, तिथे आपण उसनवारीचा हिशेब मांडत नाही.

प्रदर्शन आणि पांगापांग

मंडळाचे मुंबईतील पहिले प्रदर्शन जुलै १९४९ मध्ये रँपार्ट रोवर भरले. उद्घाटन मुल्कराज आनंद यांनी केले. जागा होती बॉम्बे आर्ट सोसायटीच्याच सलोनची. ज्या संस्थेने चित्र नाकारले तिच्याच दालनात बंडखोरांचे प्रदर्शन लागावे, यात विसंगती वाटू शकते. मला ती त्या संस्थेच्या बाजूची गोष्ट वाटते. विरोधकाला भिंत देण्याइतका उदारपणा तिच्यात होता.

प्रदर्शनानंतर मंडळ फार दिवस एकत्र राहिले नाही. सूझांची नग्नचित्रे वादात सापडली आणि १९४९ मध्येच ते लंडनला गेले. १९५० साली मंडळाने कलकत्त्यात कलकत्ता ग्रुपबरोबर संयुक्त प्रदर्शन केले. त्याच वर्षी ऑक्टोबरात फ्रेंच सरकारच्या शिष्यवृत्तीवर रझा पॅरिसला रवाना झाले. १९५१ मध्ये बाकरेही लंडनला गेले. मागे उरलेल्यांत वासुदेव गायतोंडे, कृष्ण खन्ना, मोहन सामंत आदी नव्याने मिळाले. १९५३ च्या प्रदर्शनात कोल्हापूरच्या भानू राजोपाध्ये यांची चित्रे लागली. मंडळाबरोबर चित्रे मांडणाऱ्या त्या एकट्याच स्त्री. त्यांनीच पुढे भानू अथैया या नावाने चित्रपटांची वेशभूषा केली आणि ‘गांधी’ चित्रपटासाठी १९८३ साली ऑस्कर मिळवले. मुलींच्या महाविद्यालयांत शिकवणाऱ्यांनी हे नाव लक्षात ठेवावे. १९५६ च्या सुमारास मंडळ संपले. ठराव करून विसर्जन झाले असे नाही. जमणारे कोणी उरले नाही.

मंडळ जन्मले ते वर्ष फाळणीचे होते, आणि ही गोष्ट आपल्या वाचकांसाठी बाजूला ठेवता येण्याजोगी नाही. त्याच वर्षी मुंबईत महंमद अली रोडवर राहणाऱ्या तय्यब मेहता नावाच्या तरुणाने आपल्या खिडकीतून जमावाने एका माणसाला मारताना पाहिले. ते दृश्य त्यांच्या चित्रांतून कधी पुसले गेले नाही. तेही पुढे याच चित्रकारांच्या वर्तुळात आले. रझांचे भावंड आणि पहिली पत्नी पाकिस्तानात गेली. रझा गेले नाहीत. लहानपणी मंडल्यात आपण गांधीजींना पाहिले होते, हा देश सोडणे म्हणजे त्यांचा विश्वासघात झाला असता, असे ते नंतर सांगत. हुसेनही इथेच राहिले. ज्या काळात धर्माच्या नावाने वस्त्या रिकाम्या होत होत्या, त्या काळात दोन मुसलमान, एक कॅथलिक आणि तीन हिंदू चित्रकारांनी एक मंडळ काढले. आणि त्यांतल्या कोणालाही आपल्या जमातीचा प्रतिनिधी म्हणून घेतलेले नव्हते. चित्र बरे काढतो म्हणून घेतले होते. या घटनेचा गौरव करताना तिला एकात्मतेच्या भाषणाचे रूप देऊ नये असे वाटते. ते सहाजण एकमेकांशी भांडत, एकमेकांच्या चित्रांची निर्दय चिरफाड करत, आणि पैशाची चणचण सर्वांनाच होती.

घरातली नाराजी

मुस्लिम मुलाने चित्र काढावे का, हा प्रश्न आपल्या संस्थांत अजूनही विचारला जातो. त्याची धर्मशास्त्रीय चर्चा करण्याचा प्रस्तुत लेखकाला अधिकार नाही. इतिहासापुरते एवढे सांगता येते की, तसविरीबद्दलचा संकोच आणि तसविरीचे दीर्घ परंपरा या दोन्ही गोष्टी मुस्लिम समाजात शतकानुशतके शेजारी नांदल्या. अबुल फजलने ‘आईन-ए-अकबरी’त अकबराचे मत नोंदवले आहे: जिवंत वस्तूचे चित्र काढणाऱ्याला आपण तिच्यात प्राण घालू शकत नाही हे जाणवते, आणि त्यामुळे प्राण देणाऱ्याचे स्मरण त्याला अधिक होते. मुश्फिक आणि कासिम यांनी खानखानानांसाठी रामकथा रंगवली तेव्हा हाच काळ होता.

मात्र हुसेन किंवा रझा यांच्या घरची हकीकत वाचताना नाराजीचे कारण धर्मापेक्षा पोट हेच अधिक दिसते. मुलगा काय करून खाईल? हा प्रश्न गाडे यांच्या घरातही आला असेल आणि सूझांच्या शिवणकाम करणाऱ्या आईलाही पडला असेल. त्याला धर्माचे उत्तर देऊन भागत नाही. तिथे कोणीतरी येऊन सांगावे लागते की मुलाच्या हातात काहीतरी आहे. इंदूरला ते बेंद्र्यांनी सांगितले.

आज या चित्रांना मिळणाऱ्या किमती ऐकून पालकांचे मत बदलते असा अनुभव आहे. हुसेन यांचे १९५४ चे ‘ग्रामयात्रा’ हे चित्र मार्च २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात सुमारे ११८ कोटी रुपयांना गेले. ते चित्र १९५४ सालीच एका परदेशी डॉक्टरने घेतले होते आणि नंतर अनेक दशके ते ओस्लोच्या रुग्णालयात होते. चित्रकाराला त्यातून काय मिळाले हा हिशेब लिलावाच्या बातमीत येत नाही. किमतीचे उदाहरण देऊन मुलांना चित्रकलेकडे वळवू नये, कारण त्याच मापाने आरा अपयशी ठरतील.

राहिलेला माणूस

मंडळातले तिघे युरोपला गेले. हुसेन देशोदेशी हिंडले. त्यांच्या काही चित्रांवरून १९९६ पासून वाद पेटले, २००६ मध्ये त्यांनी देश सोडला, २०१० मध्ये कतारचे नागरिकत्व घेतले आणि ९ जून २०११ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. सूझा २००२ मध्ये मुंबईतच वारले. बाकरे परत आले आणि कोकणात मुरूड-हर्णैला प्रसिद्धीपासून दूर राहिले. २००७ मध्ये गेले.

आरा कुठेच गेले नाहीत. रँपार्ट रोवरील आर्टिस्ट्स सेंटरचे काम त्यांनी वर्षानुवर्षे पाहिले. ज्यांना दालनाचे भाडे परवडत नाही, ज्यांना कोणी ओळखत नाही, अशा नवख्या चित्रकारांना ते भिंत मिळवून देत. पदवी नसलेला, एके काळी मोटारी पुसणारा हा माणूस दुसऱ्यांची चित्रे टांगण्यात आपला वेळ घालवत राहिला. १९८५ साली ते वारले. मंडळ संपल्यावर मंडळाचे काम जर कोणी चालू ठेवले असेल तर ते आरांनी, असे माझे मत आहे. पण इतिहासाच्या पुस्तकांत त्यांच्या फुलदाण्यांवर दोन ओळी असतात आणि या कामावर अर्धी.

रझा पॅरिसमध्ये साठ वर्षे राहून २०१० च्या अखेरीस दिल्लीला परतले. २३ जुलै २०१६ रोजी त्यांचे निधन झाले. आपल्याला मंडल्यात, वडिलांच्या कबरीशेजारी पुरावे, अशी त्यांची इच्छा होती. त्याप्रमाणे दिल्लीहून मृतदेह मंडल्याला नेण्यात आला, आणि वनखात्यात नोकरी केलेल्या बापाच्या शेजारी त्यांचे दफन झाले.